स्थळकाळाचा नकाशा घरच्या घरी: गोष्ट लिहिणाऱ्या आणि खेळ मांडणाऱ्या नवख्यांसाठी

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत आमच्याकडे पाच जण सतरंजीवर गोल करून बसले होते. मी गोष्ट सांगणारा, बाकीचे चौघे त्या गोष्टीतले प्रवासी. मध्ये फासे, चिवड्याचा डबा आणि मी रात्री जागून रंगवलेला नकाशा. कालयानात बसून मंडळी सहा महिने मागे गेली, त्याच खोलीत उतरली, आणि मी पुढचं वाक्य बोलणार तेवढ्यात आठवीतल्या भाचीने हात वर केला.

"मामा, सहा महिन्यांपूर्वी पृथ्वी सूर्याच्या पलीकडे होती ना? मग हे त्याच खोलीत कसे?"

हिशोब केला तर मंडळी खोलीपासून जवळजवळ तीस कोटी किलोमीटरवर, उघड्या अंतराळात लटकायला हवी होती. नकाशा सुरेख होता. त्यात फक्त काळ नव्हता. खेळ तिथेच मोडला, चिवडा मात्र संपला.

त्यानंतर मी नव्याने एक पद्धत रचली. तिचं नाव 'तर'. कोकणात खाडी ओलांडायला होडी लागते, त्या सोयीला तर म्हणतात. मिसळीवरच्या तर्रीशी तिचा संबंध नाही. माझ्या तरीवर थांबे म्हणजे धक्के, वाट दाखवणारा तो तांडेल. पद्धत काल्पनिक आहे, पण तिच्यातला प्रत्येक नियम खऱ्या गणितातून काढलाय. तुम्हाला विज्ञानकथा लिहायची असेल किंवा मित्रांसाठी असा खेळ मांडायचा असेल, तर खालच्या पायऱ्यांनी तुमची स्वतःची पद्धत एका रविवारात उभी राहील. लागेल काय? चौकटींची वही, पेन्सिल, मोबाइलमधलं गणनयंत्र आणि घरात भिंतीवर असेल ती दिनदर्शिका.

पायरी १: नांगर टाका

पहिला प्रश्न: मोजायचं कुठून? नवखे लोक हा प्रश्न गाळतात, आणि मग माझ्यासारखं हसं होतं.

'त्याच जागी' या शब्दांना एकट्याने काही अर्थ नाही. पुण्याच्या अक्षांशावर तुम्ही आत्ता खुर्चीत बसल्या बसल्या पृथ्वीच्या फिरण्याने ताशी दीड हजार किलोमीटरहून जास्त वेगाने पूर्वेकडे चाललाय. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर धावते. सूर्य आपल्या सगळ्या बिऱ्हाडासकट आकाशगंगेच्या केंद्राभोवती सेकंदाला साधारण २३० किलोमीटरने फिरतो, म्हणजे वर्षाला सातशे कोटी किलोमीटरच्या वर. तेव्हा 'त्याच जागी' म्हणजे कुणाच्या हिशोबाने, हे आधी सांगावं लागतं.

माझा सल्ला: नांगर सूर्यावर टाका. पृथ्वीवर टाकला तर सोपं वाटतं, पण दुसऱ्या ग्रहावर गेलात की गणित गुंतागुंतीचं होतं. आकाशगंगेच्या केंद्रावर टाकला तर ऐटदार वाटतं, पण ते २६,००० प्रकाशवर्षं लांब आहे आणि तिथून मोजलेल्या आकड्यांत आपली पृथ्वी सापडतच नाही. खगोलशास्त्रज्ञांची आकाशगंगेची मापनपद्धतही (१९५८मध्ये ठरलेली) सूर्यालाच मध्यावर ठेवते. तिचं शून्य अंशाचं बोट धनु राशीतून केंद्राकडे रोखलेलं असतं. दोन कोन आणि एक अंतर, एवढ्यात कुठल्याही ताऱ्याचा पत्ता होतो.

इथे एक सावधगिरी. आपल्याकडे नक्षत्रांची नावं तोंडपाठ असल्याने तीच ठिकाणं म्हणून वापरायचा मोह होतो. 'यान श्रवण नक्षत्रात पोचलं' असं वाक्य मीही लिहिलंय. पण नक्षत्र ही दिशा आहे, गाव नव्हे. श्रवणाचा तारा सुमारे १७ प्रकाशवर्षांवर, आकाशात त्याच्या शेजारचा अभिजित २५वर, आणि त्यांच्यासोबत त्रिकोण करणारा हंस हजाराहून जास्त प्रकाशवर्षांवर. खालून बघताना तिघे सख्खे शेजारी. तेव्हा नक्षत्राचं नाव जरूर वापरा, पण अंतर जोडूनच.

पायरी २: तारखा सोडा, दिवस मोजा

तारीख हा फार दगाबाज प्रकार आहे. महिने कमीजास्त दिवसांचे, लीप वर्षं, देशोदेशी वेगवेगळ्या वर्षी बदललेली कॅलेंडरं. कालप्रवाशाला हे परवडत नाही. त्याला हवा एक अखंड आकडा, जो रोज एकाने वाढतो आणि कधी अडखळत नाही.

असा आकडा आपल्याकडे दीड हजार वर्षांपासून वापरात आहे. त्याचं नाव अहर्गण, म्हणजे दिवसांची रास. मोजणी सुरू होते कलियुगाच्या आरंभापासून, इसवी सनपूर्व ३१०२च्या १७ आणि १८ फेब्रुवारीमधल्या मध्यरात्री. आर्यभटाने आपलं वय सांगतानाही हाच नांगर धरलाय: कलियुगाची ३,६०० वर्षं सरली तेव्हा मी तेवीस वर्षांचा होतो. त्यावरून त्याचं जन्मवर्ष ४७६ निघतं. स्वतःचा स्थळकाळाचा पत्ता इतका नेमका ठेवून गेलेली माणसं कमी.

युरोपातल्या खगोलशास्त्रज्ञांचा असाच आकडा म्हणजे जुलियन दिवस. त्याचा आरंभ इसवी सनपूर्व ४७१३मधला. कुठलाही घ्या, मला अहर्गण आवडतो, कारण त्यात एक गंमत आहे. करून बघा.

१ जानेवारी २०००चा अहर्गण १८,६३,०७९. हा एकच आकडा वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा. आता १५ ऑगस्ट १९४७ काढू. १५ ऑगस्ट १९४७ ते १५ ऑगस्ट १९९९ ही ५२ वर्षं, म्हणजे ५२ गुणिले ३६५, बरोबर १८,९८०. मधले लीप दिवस १३. पुढे १ जानेवारीपर्यंत १३९ दिवस. बेरीज १९,१३२. तेवढे मागे गेलात की १८,४३,९४७.

या आकड्याला सातने भागा. बाकी शून्य. कलियुगाचा पहिला दिवस शुक्रवार धरलेला आहे, म्हणून बाकी शून्य म्हणजे शुक्रवार, एक म्हणजे शनिवार, असं पुढे. आणि १५ ऑगस्ट १९४७ शुक्रवारच होता. १ जानेवारी २०००च्या आकड्याला भागलंत तर बाकी एक येते: शनिवार. आता तुमचा जन्मदिवस काढा. वार जुळला नाही तर बहुतेक एखादा लीप दिवस निसटलाय.

आकडे फार लांबलचक वाटत असतील तर त्यावरही तोडगा आहे, आणि तो आपल्याच किनाऱ्यावरचा. मुरूडजवळच्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी 'ग्रहलाघव' लिहिताना कलियुगापासून मोजायचं सोडून शके १४४२, म्हणजे इसवी सन १५२०, हा जवळचा आरंभ धरला आणि दिवसांचे ४,०१६चे गठ्ठे केले. एक गठ्ठा म्हणजे एक चक्र, साधारण अकरा वर्षं. मग रोजच्या गणितात चार आकडी संख्याच येतात. तुमची गोष्ट शिवकाळ ते आज एवढ्यातच फिरणार असेल तर असंच करा. सात आकडी काळ पाठ करणारा नायक वाचकाला आवडत नाही.

पायरी ३: पत्त्याचा साचा

आता पत्ता कसा लिहायचा. इथे मी कुठल्या परदेशी अंतराळयानाकडे गेलो नाही, सरळ सत्यनारायणाच्या पाटाजवळ जाऊन बसलो.

गुरुजी संकल्प सांगतात तो कधी नीट ऐकलाय? श्वेतवाराहकल्पे, वैवस्वतमन्वंतरे, अष्टाविंशतितमे युगे, कलियुगे, प्रथमचरणे. मग जंबुद्वीपे, भरतवर्षे, दंडकारण्ये देशे, गोदावर्याः दक्षिणे तीरे. मग शालिवाहन शके अमुक, संवत्सराचं नाव, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी, वार, नक्षत्र. शेवटी गोत्र आणि यजमानाचं नाव. हातात पळी धरून आपण 'मम' म्हणतो आणि पाणी सोडतो, पण घडलेलं असतं ते असं: ४३२ कोटी वर्षांच्या कल्पापासून सुरुवात करून आजच्या वारापर्यंत आणि द्वीपापासून नदीच्या काठापर्यंत, एका माणसाची स्थळकाळातली जागा जाहीर झाली.

रचनाकार म्हणून बघितलं तर यात तीन गोष्टी उचलण्यासारख्या आहेत.

एक म्हणजे मोठ्याकडून लहानाकडे येणं. वाट चुकलेल्या यानाला पत्त्याचा शेवट ऐकू आला नाही तरी निदान युग तरी बरोबर मिळतं.

दुसरी, जागेसाठी सरहद्दीऐवजी नदी वापरणं. राज्यं बदलतात, गावांची नावं बदलतात, गोदावरी शेकडो वर्षं टिकते. तुमच्या नकाशातही राजधान्यांपेक्षा नद्या, खिंडी, तारे यांच्यावर भरवसा ठेवा.

तिसरी सगळ्यात मोलाची: पुनरुक्ती. मास, पक्ष, तिथी सांगितल्यावर चंद्र कुठल्या नक्षत्राच्या आसपास असणार हे ठरूनच जातं. चैत्री पौर्णिमेला तो चित्रेजवळ असायचा. तरी गुरुजी नक्षत्र वेगळं सांगतात, वारही सांगतात. यातलं एक चुकलं तर बाकीची ओरडून सांगतात की गडबड आहे. बँकेच्या कार्डावरचा शेवटचा आकडा हेच काम करतो.

तरीवरचा पत्ता मी असा ठेवलाय: नांगर, धक्का, अहर्गण, पाट, वार. उदाहरणार्थ, 'सूर्य, पृथ्वी-उत्तर धक्का, १८४३९४७, मूळ पाट, शुक्र'. पाट म्हणजे काय ते पुढे येईल. शेवटचा वार निव्वळ ताळा आहे. तांडेल अहर्गणाला सातने भागतो, बाकी आणि वार जुळला तरच होडी सोडतो. खेळात यामुळे मजा येते, कारण शत्रूने खोटा पत्ता दिला तर सातातल्या एका वेळी तो ताळ्यातून निसटू शकतो.

पायरी ४: वहीत दोन रकाने

एक घड्याळ नकाशाचं, एक प्रवाशाच्या मनगटावरचं. दोन्ही एकाच गतीने चालतील असं गृहीत धरू नका.

हा काही गोष्टीतला चमत्कार नव्हे. रस्ता शोधायला आपण जे जीपीएस लावतो त्याच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. वेगामुळे ती थोडी मागे पडतात, उंचीवर गुरुत्वाकर्षण कमी म्हणून त्याहून जास्त पुढे जातात, हिशोबाअंती एवढी बाकी उरते. ती आधीच सुधारून घेतली नसती तर नकाशावरचा ठिपका दिवसाला दहाएक किलोमीटर घसरत गेला असता.

जोरात जाणाऱ्या यानाचं गणित करून ठेवा, ते पुन्हा पुन्हा लागतं. सूर्यानंतरचा सगळ्यात जवळचा तारा प्रॉक्सिमा, ४.२४ प्रकाशवर्षांवर. प्रकाशाच्या ०.८ पट वेगाने निघालात तर पृथ्वीच्या हिशोबाने ५.३ वर्षं लागतील. या वेगाला मनगटावरचं घड्याळ ०.६ पटीने चालतं, म्हणून प्रवाशाचं वय वाढेल ३.१८ वर्षांनी. नुसतं जाऊन परत आलं तरी घरच्यांची साडेदहा वर्षं उलटलेली आणि प्रवाशाची सव्वासहाच. दोन रकान्यांत हे मांडलं की 'आईचं वय किती झालं असेल' या प्रश्नाला लेखक चाचपडत नाही.

ककुद्मी राजाला अशी वही ठेवायची बुद्धी झाली नाही. लेक रेवतीसाठी स्थळ विचारायला तो ब्रह्मदेवाकडे गेला, तिथे गाणं चालू होतं म्हणून जरा थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं होऊन गेली. त्याने मनात धरलेल्या मुलांची नातवंडं-पतवंडंसुद्धा उरली नव्हती. शेवटी रेवतीचं लग्न बलरामाशी झालं. दोन रकान्यांची इतकी चांगली गोष्ट मला दुसरी माहीत नाही.

पायरी ५: हरवल्यावर ओळखायच्या खुणा

यान बिघडलं, घड्याळ बंद पडलं, बाहेर अनोळखी रात्र. आपण कुठे आणि कधी आहोत? प्रत्येक खेळात हा प्रसंग येतोच, तेव्हा उत्तर तयार ठेवा.

पृथ्वीवर असाल तर आधी उत्तरेकडे बघा. पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो, एक फेरी सुमारे २६,००० वर्षांची, म्हणजे ७२ वर्षांत एक अंश. त्यामुळे ध्रुवपदावरचा तारा बदलत राहतो. आज आपला नेहमीचा ध्रुवतारा आहे. इसवी सनपूर्व २७००च्या सुमाराला कालेय तारकासमूहातला थुबान होता. आणखी बारा हजार वर्षांनी अभिजित ध्रुवाच्या बऱ्यापैकी जवळ येईल. आकाश कुणाभोवती फिरतंय ते बघितलं की शतक नाही तरी जमाना कळतो.

त्याहून बारीक हवं असेल तर वृषभेत दुर्बीण लावा. तिथे खेकडा तेजोमेघ दिसला तर साल १०५४नंतरचं. त्या वर्षी तिथला तारा फुटला आणि चीनमधल्या निरीक्षकांनी तो भर दिवसा दिसल्याची नोंद ठेवली. तेजोमेघ जितका लहान तितके तुम्ही त्या सालाच्या जवळ.

पृथ्वीवर नसाल तर मात्र पल्सार. फुटलेल्या मोठ्या ताऱ्यांचे हे फिरते गाभे दीपगृहासारखे ठराविक तालात झोत फेकतात. १९६७मध्ये जोसेलिन बेल यांना पहिला सापडला. प्रत्येकाचा ताल वेगळा, म्हणून तीन-चार ओळखले की जागा काढता येते. मला यातली पुढची गोष्ट जास्त भावते: पल्सार हळूहळू मंदावतात. खेकड्याच्या पोटातला पल्सार सेकंदात तीसेक वेळा फिरतो आणि त्याची फेरी रोज सुमारे ३६ नॅनोसेकंदांनी लांबते. म्हणजे ताल ऐकला की जागाही कळते आणि काळही. स्थळ आणि काळ एकाच सुईवर दाखवणारा असा होकायंत्राचा काटा मला तरी दुसरा सापडला नाही.

१९७२च्या पायोनियर १० यानावरच्या पाटीवर आणि १९७७च्या व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकड्यांवर हेच कोरलंय: सूर्यापासून निघणाऱ्या १४ रेषा, प्रत्येक रेषेवर एकेका पल्सारचा ताल. ती पाटी कुणाच्या हाती लागली तर आपलं घर तर कळेलच, शिवाय पाटी किती जुनी तेही कळेल. २०१७मध्ये अंतराळ स्थानकावर बसवलेल्या क्ष-किरण दुर्बिणीने पल्सारांवरून स्वतःची जागा काढण्याचा प्रयोगही यशस्वी केला.

आणि हे सगळं ऐकायचे कान आपल्या जुन्नर तालुक्यात आहेत. नारायणगावजवळच्या खोडदला रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या काही मध्यवर्ती चौकात, काही दूर शेतांमधून पसरलेल्या आहेत. पल्सार हे तिथलं रोजचं काम. द्राक्षबागांच्या पलीकडे एवढी मोठी जाळीदार परात आकाशाकडे तोंड करून हळूहळू वळताना बघितली की गोष्टीतला धक्का कसा दिसत असेल हे वेगळं सुचावं लागत नाही. माझा 'पृथ्वी-उत्तर धक्का' तिथूनच आला.

पायरी ६: चूक किती होऊ द्यायची

या पायरीवर सगळ्यात जास्त वेळ घालवा. नेमका पत्ता, नेमकी उडी, नेमकं उतरणं, यात गोष्ट नाही. पण चूकही मनमानी नको, तिला हिशोब हवा.

समुद्रावर हा हिशोब खलाशांनी फार महागात शिकला. अक्षांश ताऱ्यावरून निघतो, रेखांशाला मात्र बंदरातली वेळ बरोबर न्यावी लागते. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणून घड्याळ चार मिनिटं चुकलं की एक अंश, विषुववृत्तावर १११ किलोमीटर. एवढ्यात जहाज खडकावर. जॉन हॅरिसनचं घड्याळ १७६१मध्ये जमैकाच्या सफरीवर गेलं आणि तिथे पोचेपर्यंत जेमतेम पाच सेकंद चुकलं, तेव्हा कुठे समुद्रावर वेळेच्या आधाराने जागा सांगता येऊ लागली.

कालप्रवासात हेच प्रकरण कैक पटीने वाढतं. पृथ्वी सेकंदाला ३० किलोमीटर धावते, म्हणजे उडीत एका सेकंदाची चूक झाली तर उतरण्यात ३० किलोमीटरची. पुण्यात उतरायचं ते लोणावळ्याच्या वाटेवर, तेही जमिनीलगत असाल तर. समजा तुमचं यान अगदी उत्तम आहे, कोटीत एक भागच चुकतं. ३०० वर्षांची उडी मारली तर चूक सुमारे १६ मिनिटांची. तेवढ्या वेळात पृथ्वी २८,००० किलोमीटर सरकलेली असते, स्वतःच्या व्यासाच्या दुपटीहून जास्त. तुम्ही अंतराळात उतराल किंवा पृथ्वीच्या पोटात.

यावरून तरीचा पहिला कायदा आपोआप निघाला: धक्का ग्रहावर बांधायचा नाही. पृथ्वीच्या वाटेपासून बाजूला, मोकळ्या जागी बांधायचा आणि शेवटचा टप्पा साध्या यानाने काढायचा. त्या टप्प्याला चार-सहा दिवस लागतात, आणि गोष्टीतली निम्मी भांडणं आणि निम्मी प्रेमं त्याच दिवसांत होतात.

दुसरी गोष्ट भाचीच्याही लक्षात आली नव्हती. जागा जुळली तरी वेग जुळायला हवा. जानेवारीत पृथ्वी ज्या दिशेने धावते त्याच्या बरोबर उलट दिशेने ती जुलैत धावत असते. जानेवारीतून निघून जुलैत उतरलात तर तुमच्या आणि पृथ्वीच्या वेगात सेकंदाला ६० किलोमीटरचा फरक. पृथ्वी सोडून जायला लागणारा वेग ११.२ आहे, त्यावरून काय ते समजा. म्हणून दुसरा कायदा: उडी पूर्ण वर्षांचीच, ज्या दिवशी निघालात त्याच दिवशी पोचायचं.

पण 'त्याच दिवशी' म्हणजे कुठल्या कॅलेंडरने? इंग्रजी तारीख ऋतूंना बांधलेली असते, ताऱ्यांना नाही. ऋतूंचं वर्ष ताऱ्यांच्या वर्षापेक्षा वीसेक मिनिटांनी लहान आहे, त्यामुळे सत्तर-बहात्तर वर्षांत एका दिवसाचा फरक पडतो. तीनशे वर्षं मागे १४ जानेवारी गाठलीत तर पृथ्वी तिच्या वाटेवर चार दिवस पुढेमागे असेल, म्हणजे एक कोटी किलोमीटरने. संक्रांत मात्र निरयन, ताऱ्यांना बांधलेली. सूर्य ताऱ्यांच्या तुलनेत त्याच जागी आला की संक्रांत, म्हणजे पृथ्वीही वाटेवर त्याच जागी. याच कारणाने संक्रांतीची इंग्रजी तारीख शतकागणिक पुढे सरकत आली आहे.

मी त्या रात्री वहीत मोठ्या अक्षरात लिहिलं: संक्रांत ते संक्रांत. माझ्या तरीच्या होड्या वर्षातून एकदाच सुटतात, आणि तांडेल प्रवाशांच्या हातावर तिळगूळ ठेवतो. खेळणाऱ्यांना वाटतं मी रंग भरतोय, पण ते गणित आहे. बाकीच्या दिवशी उडी मारता येते, फक्त वेग जुळवायला प्रचंड इंधन जळतं, म्हणून ती चोरांची आणि राजांची चैन.

आषाढी वारी किंवा गणेशचतुर्थी इथे चालत नाही. ते सण चंद्राच्या तिथीवर, दरवर्षी दहा-अकरा दिवस मागे आणि अधिक महिना आला की पुढे. कोळी बांधवांना तिथी लागते, कारण उधाण अमावास्या-पौर्णिमेला येतं. कालयानाला संक्रांत लागते.

पायरी ७: भूतकाळाला हात लावायचा का?

इथे नवखे आठवडेच्या आठवडे घालवतात. मी सांगतो, दहा मिनिटांत ठरवा. झालेलं बदलत नाही, हा एक पर्याय. बदललं की दुसरा फाटा फुटतो, हा दुसरा. बदललं की जुनं पुसलं जातं, हा तिसरा. तिसऱ्यात लेखकाचे हाल होतात, कारण आधीची सगळी पानं खोटी ठरतात.

मी दुसरा घेतला, म्हणून पत्त्यात पाटाची जागा आहे. शेतात पाण्याला नवा पाट काढतात तसा प्रत्येक बदलाबरोबर इतिहासाला एक पाट फुटतो आणि त्याला नाव मिळतं. नियम एकच: दुसऱ्या पाटातून मूळ पाटाला परत यायची वाट नाही. हे सांगितल्यावर खेळणारे एकदम जपून वागायला लागतात.

पायरी ८: कागदावर उतरवा आणि दुसऱ्याच्या हाती द्या

चौकटीच्या कागदावर आडवी रेघ अंतराची, उभी काळाची. एक चौकट म्हणजे एक प्रकाशवर्ष, उभी एक चौकट म्हणजे एक वर्ष. पृथ्वी एका जागी बसून आहे, म्हणून ती सरळ वर जाणारी उभी रेघ. प्रॉक्सिमा तिच्या उजवीकडे सव्वाचार चौकटींवर दुसरी उभी रेघ, व्याध साडेआठच्या जरा पुढे तिसरी. प्रकाश बरोबर ४५ अंशांत तिरका जातो. ०.८ वेगाचं यान त्याहून जरा उभं: ४.२४ चौकटी आडव्या, ५.३ उभ्या. हेर्मान मिन्कोव्स्कीने १९०८मध्ये मांडलेल्या चित्राचं हे घरगुती रूप.

या चित्राने एक प्रकारची चूक लगेच पकडली जाते. कुणी पृथ्वीवर आज बॉम्ब फोडला आणि तुमच्या गोष्टीत व्याधाजवळच्या वसाहतीला ते उद्या कळलं, तर पेन्सिलीने ४५ अंशांची रेघ ओढा. ती व्याधाच्या रेघेला साडेआठ वर्षांनंतर भेटते. मधल्या काळात तिथे सगळे निश्चिंत असणार, आणि त्या निश्चिंतीवर एक आख्खी गोष्ट उभी राहते.

नकाशा झाला की स्वतः तपासत बसू नका. एक पत्ता चिठ्ठीवर लिहा, नकाशा आणि वही समोर ठेवा, आणि पद्धत माहीत नसलेल्या माणसाला म्हणा, इथे जाऊन दाखव. तो जिथे अडेल तिथे तुमचा नियम अर्धवट आहे.

मी हे केलं तेव्हा चिठ्ठीवर घाईत लिहिलं होतं: 'विश्वावसू संवत्सर, चैत्र शुद्ध प्रतिपदा, पुणे'. एक चिठ्ठी भाचीला, एक तिच्या आजीला. भाची २०२५च्या पाडव्याला पोचली, शके १९४७. आजी १९६५च्या, शके १८८७. संवत्सरांची साठ नावं फिरून फिरून येतात, हे मला माहीत होतं आणि तरी शक घालायला विसरलो. दोघी आपापल्या जागी बरोबर.

मी चिठ्ठी फाडायला निघालो तर भाची म्हणाली, "राहू दे मामा." आणि आजीला विचारलं, "तू उतरलीस तिथे काय काय दिसतंय?" आजीने चष्मा काढला, वाड्याच्या चौकातला नळ कुठे होता तिथपासून सांगायला सुरुवात केली, आणि त्या रात्री आम्ही फासे टाकलेच नाहीत.